शुक्रवार सकाळचे साहेब

"बंद पडला, की सुरू होत नाही?"

फोन उचलल्यावर त्यांचा पहिला प्रश्न हाच असे. चाकणच्या त्या कंपनीत मी नुकतीच क्वालिटी विभागात लागले होते आणि माझ्या टेबलावरच्या कॉम्प्युटरचा पडदा काळाच्या काळा. मी म्हटलं, सर, दोन्ही एकच ना? तर पलीकडून अत्यंत शांतपणे उत्तर आलं की एकच नाही. चालता चालता थांबला तर तो बंद पडला. सकाळी उठलाच नाही तर तो सुरू होत नाही. आपण नक्की काय ते पाहावं आणि परत फोन करावा. आणि त्यांनी फोन ठेवून दिला. पुनावळ्याहून दोन बस बदलून आलेली, उपाशी, वर रिपोर्ट द्यायचा राहिलेला. हा माणूस मला पहिल्याच दिवशी मनातून उतरला.

ते आमच्या कंपनीचे आयटीचे साहेब. विभाग म्हणजे ते एकटे आणि जिन्याखालची एक खोली. पन्नाशीला आलेले, सरकारी कॉलेजातून इंजिनिअर झालेले, चष्मा जाड. शेडमध्ये सगळीकडे तेल, कूलंट, धातूचा चुरा, आणि हे रोज पांढऱ्याशुभ्र शर्टात, मनगटापर्यंत बटणं लावून. तो शर्ट मळलेला मी कधी पाहिला नाही. आमच्याकडे सगळा कारभार 'राव' आणि 'भावा'वर चालायचा. प्लांट हेडसुद्धा सुपरवायझरच्या खांद्यावर हात टाकून 'भावा, आज माल निघाला पाहिजे' म्हणायचे. यांना कोणी 'भाऊ' म्हटलं तर ते उत्तरच देत नसत. आणि स्वतः सगळ्यांना 'आपण'. झाडूवाल्या मावशींना आपण, कॅन्टीनच्या पोऱ्याला आपण. राग आला की हे आपण-आपण आणखी वाढायचं. 'आपण कृपा करून बाजूला व्हावं' असं ते म्हणाले की समजायचं, आता आपली धडगत नाही.

त्यांना सगळ्यांनी 'शुक्रवारचे साहेब' असं नाव ठेवलं होतं. त्याला कारण होतं. आमची आठवड्याची सुट्टी गुरुवारी असे. पुण्यातल्या माझ्या मैत्रिणींना हे सांगूनही पटत नसे, पण आमच्या पट्ट्यातल्या बऱ्याच कारखान्यांचा रविवार गुरुवारीच येतो. लाइटवाले आपली दुरुस्तीची कामंही त्याच दिवशी काढतात, म्हणून दिवसभर वीज नसते. शेडमधले जुने कॉम्प्युटर आठवडाभर अखंड चालू असत, ते गुरुवारी गार पडत. आणि शुक्रवारी सकाळी पहिल्या शिफ्टला एखादा तरी उठायचा नाही.

मला हे सगळं त्यांच्यामुळेच कळलं. कॉम्प्युटरच्या पोटात शर्टाच्या मोठ्या बटणाएवढा एक सेल असतो. वीज गेली तरी तारीख, वेळ आणि 'उठल्यावर आधी काय करायचं' एवढं त्या सेलच्या जोरावर यंत्राच्या लक्षात राहतं. सेल म्हातारा झाला की हे ज्ञान अर्धवट राहतं, आणि यंत्र सकाळी गोंधळून नुसतं उभं राहतं. मग एकच उपाय. सेल काढायचा, आत उरलेली वीज जिरू द्यायची, म्हणजे ते होतं नव्हतं ते सगळं विसरतं. मग सेल नवा घालायचा आणि त्याला पहिल्यापासून सगळं शिकवायचं. शेडमध्ये याला 'सेटिंग उडवणं' म्हणत. साहेबांना तो शब्द आवडत नसे. ते म्हणत, "कारखान्यातून निघाला तसा केला."

हे काम ते पूजेला बसल्यासारखे करत. खिशातला रुमाल काढून टेबलावर पसरायचा. नखाने सेल सोडवून त्या रुमालावर ठेवायचा, उघड्या लोखंडी टेबलावर कधीच नाही. मग हात पाठीमागे बांधून उभं राहायचं. भोवती सुपरवायझर कासावीस. साहेब, लावा की आता, गाडी उभी आहे गेटवर. साहेब ढिम्म. त्यांच्या मनातली वेळ भरली की नवा सेल, आणि मग काळ्या पडद्यावर एकेक ओळ भरत जायचं, कोणत्या डिस्कवरून उठायचं, मशिनशी कोणत्या वायरीवरून बोलायचं. सगळं तोंडपाठ. आणि शेवटी उठताना आमच्यापैकी कोणाकडे तरी बघून सांगायचं, सेटिंगला हात लावायचा नाही. कोणीही. ते असं काही सांगत की माणसं माऊसलासुद्धा भीतभीत हात लावत.

खंडेनवमीचा त्यांचा शिरस्ता वेगळाच. आदल्या दिवशी ते सगळ्या शेडमध्ये फिरून जुन्या मशिनांचे सेल बदलत. कारण खंडेनवमीला आमची माणसं मोठ्या भक्तीने प्रत्येक यंत्र बंद करून, पुसून, त्याला झेंडूची माळ घालत. एकदा अशाच भक्तीपायी एक मशिन बंद केलं ते चार दिवस उठलंच नव्हतं. साहेब स्वतः बौद्ध, पूजेला थांबत नसत. दसऱ्याला त्यांची रजा ठरलेली असे, त्या दिवशी ते देहूरोडच्या विहारात कुटुंबासह जात. पण कोणी पेढा आणून दिला तर दोन्ही हातांनी घेत, कागदात बांधत आणि मुलीसाठी घरी नेत. मी एकदा थोडं आगाऊपणे विचारलं, की पूजा पटत नाही तर सेल कशाला बदलता? ते म्हणाले, "पूजा आपली आहे. सकाळी मशिन उठवणं माझं काम आहे."

त्यांचं पालुपद एकच होतं. "बोलू नका, दाखवा." कॅन्टीनवाला म्हणाला की चहात पाणी नाही, तर साहेब म्हणाले दाखवा, आणि त्याला आपल्यासमोर चहा करायला लावला. कंपनीच्या बसचा ड्रायव्हर म्हणाला, मी देहूरोडला पूर्ण मिनिट थांबलो होतो, तुम्हीच आला नाहीत. साहेबांनी दुसऱ्या दिवशी त्याला घड्याळ लावून थांबायला सांगितलं, तो हसला, आणि त्या दिवसापासून साहेबांनी कंपनीची बस सोडली ती सोडलीच. सुपरवायझर म्हणाला, मी काही केलं नाही, आपोआप झालं, की त्याला खुर्चीत बसवून 'आपण काय काय केलं नाही ते क्रमाने करून दाखवा' असं म्हणत. सगळ्यांसमोर. माणूस घामाघूम व्हायचा. स्वतःची चूक त्यांनी कबूल केल्याचं कोणालाच आठवत नव्हतं. एक तर ती होत नसे, आणि झाली असेल तर त्यांना सांगायची कोणाची छाती होणार?

आणि तेच पुढे नडलं.

आम्ही गाड्यांचे वॉटर पंप बनवायचो. शेवटच्या टेबलावर शारदाताई. लातूरकडच्या, मेदनकरवाडीत खोली घेऊन राहणाऱ्या, कंत्राटावर. प्रत्येक पंप मशिनमध्ये लावून त्यात हवा भरायची, गळत नाही असं कॉम्प्युटरने सांगितलं की पंपावर हिरवा ठिपका द्यायचा. मशिन जुनं, बनवणारी कंपनी केव्हाच बंद झालेली, आणि त्याच्याशी बोलू शकणारा कॉम्प्युटरही तो एकच. शारदाताई कामाला इतक्या चोख की त्यांना कायम करायचं जवळजवळ ठरलं होतं. त्यांचा हिरवा ठिपका असला की पुढे कोणी बघत नसे.

मग एका खेपेतले काही पंप गळले. कस्टमरचे ऑडिटर येऊन बसले आणि ती खेप ज्या शुक्रवारी सकाळी तपासली होती, त्या सकाळचे टेस्टचे रेकॉर्ड त्यांनी मला मागितले. मी कॉम्प्युटर उघडला. दुपारचे होते, आदल्या दिवसांचे होते, नंतरचे होते. त्या सकाळचा एकही नव्हता. माल गेलेला, प्रत्येक पंपावर हिरवा ठिपका, आणि टेस्ट झाल्याची काडीची खूण नाही. याचा अर्थ सगळ्यांना एकच दिसला. बाईने टेस्ट न करताच ठिपके मारले.

शारदाताई एवढंच म्हणत राहिल्या, "म्या येकन् येक पंप लावलाय, सायेब. येक बी सोडला न्हाई." दुसऱ्या दिवशी सकाळी शिफ्टच्या तोंडावर त्यांना गेटवर थांबवलं. कार्ड काढून घेतलं. सगळी शिफ्ट त्यांच्या बाजूने आत जात होती आणि सिक्युरिटीवाला मोठ्याने सांगत होता की ताई, खोटा माल पास केलाय तुम्ही, चौकशी होईपर्यंत आत यायचं नाही. त्यांनी डबा छातीशी धरला होता. मी खाली बघून आत गेले.

साहेबांना हे कळलं तेव्हा ते माझ्या टेबलाशी आले. मी कुठे कुठे शोधलं ते विचारलं. मी सांगितलं, तो दिवस, त्याच्या आधीचा आठवडा, नंतरचा आठवडा.

"मशिन विकत घेण्याआधीच्या तारखांत शोधलं?"

मला हसूच आलं. त्यांना आलं नाही. ते त्या कॉम्प्युटरसमोर बसले आणि यादीच्या अगदी वरच्या टोकाला गेले. तिथे एक फोल्डर होता. पहिली जानेवारी, आणि वर्ष असं की तेव्हा आमच्या कंपनीच्या जागेवर ज्वारी उभी असेल. फोल्डर उघडला. एकाखाली एक, सगळे पंप. शारदाताईंनी तपासलेले, पास झालेले.

त्यांनी चष्मा काढला आणि बराच वेळ पुसत राहिले. मला तेव्हा काही उमगलं नाही, पण त्यांना क्षणात उमगलं असणार. त्या शुक्रवारी हा कॉम्प्युटर उठला नव्हता. साहेबांनीच त्याचा सेल काढला, त्याला सगळं विसरायला लावलं, सगळं परत शिकवलं. फक्त तारीख बसवायची राहिली. बापड्या यंत्राने आपल्या जन्माच्या तारखेपासून दिवस मोजायला सुरुवात केली. दुपारच्या शिफ्टमध्ये कोणाला तरी ते दिसलं, आणि सेटिंगला हात लावल्याचं साहेबांना कळलं तर खैर नाही म्हणून त्याने तारीख गुपचूप नीट केली आणि तोंड मिटून बसला. सकाळचं काम वीस वर्षं मागे जाऊन पडलं.

मला वाटलं, सुटलो. मी धावत जाऊन प्लांट हेडना सांगितलं. पण तिथे वेगळंच निघालं. ते म्हणाले, मागच्या तारखेच्या फायली काय, कोणीही बनवू शकतं. आणि सापडल्या कोणाला? कॅन्टीनमध्ये तर याहून उघड बोललं गेलं. दोघांची आडनावं बघा म्हणे. आपल्या माणसाला वाचवायला बसलाय. जे लोक महिनोन्‌महिने साहेबांच्या हुशारीचे गोडवे गात होते, तेच डोळा मारून हे सांगत होते. मी ऐकलं आणि ताट तसंच सोडून उठले.

मी ते साहेबांच्या कानावर घातलं. म्हटलं, सर, तुम्ही सरळ लिहून द्या की चूक तुमची होती. ते जिन्याखालच्या खोलीत स्टुलावर बसले होते. म्हणाले, लिहून दिलं तर तेही तिच्यासाठीच लिहिलं म्हणतील. मग अगदी सपाट आवाजात त्यांनी मला एक गोष्ट सांगितली. वडील पिंपरीला कारखान्यात हमाली करत. हे शाळेत गणितात पहिले आले, तेव्हा मास्तरांनी यांना एकट्याला वर्गात बसवून तोच पेपर पुन्हा लिहून घेतला.

"तेवढेच मार्क पडले," ते म्हणाले. "तेव्हापासून मी बोलत नाही. दाखवतो."

त्यांचं ते पालुपद मी इतके दिवस खडूसपणाच्या खात्यात टाकत आले होते. त्या दिवशी ते मला वेगळं ऐकू आलं.

त्यांनी मागणी केली की ऑडिटर, प्लांट हेड आणि शारदाताई, सगळ्यांसमोर आपण त्या कॉम्प्युटरचा सेल पुन्हा काढणार. प्लांट हेड उखडले. एकुलता एक कॉम्प्युटर, परत उठला नाही तर लाइन बसेल, कस्टमर जाईल, जबाबदार कोण? साहेब म्हणाले की तीही चूक माझ्याच नावावर धरावी. ऑडिटरांना हे बघायचं होतं, म्हणून शेवटी परवानगी मिळाली.

शारदाताईंना गेटवरून आत घेतलं. त्या घरच्या साडीवर आल्या होत्या, मशिनपासून लांब उभ्या राहिल्या. साहेबांनी रुमाल पसरला. सेल काढला. हात पाठीमागे बांधले. मग त्यांनी सेल घातला आणि बटण दाबलं, आणि पडदा काळाच राहिला. प्लांट हेडनी मान फिरवली. साहेबांनी पुन्हा वीज काढली, पुन्हा थांबले, या वेळी अधिक वेळ. त्यांच्या पांढऱ्या शर्टाची पाठ घामाने चिकटली होती. दुसऱ्या खेपेला अक्षरं उमटली. त्यांनी एकेक ओळ भरली, मोठ्याने वाचत, ऑडिटरांना ऐकू जाईल असं. तारखेच्या ओळीपाशी आले आणि तिला न शिवता पुढे गेले.

"ताई, आपण एक पंप लावावा," ते म्हणाले.

शारदाताई पुढे आल्या. पंप बसवला, हवा भरली, पास झाला. साहेबांनी ऑडिटरांना खुर्ची दिली आणि आजच्या तारखेत रेकॉर्ड शोधायला सांगितलं. सापडला नाही. मग यादीच्या वरच्या टोकाला जायला सांगितलं. तिथे तोच फोल्डर, तीच पहिली जानेवारी, आणि त्या शुक्रवारच्या पंपांच्या खाली हा नवा पंप येऊन बसला होता.

"त्या दिवशी तारीख मी बसवली नाही," साहेब म्हणाले. "ताईंनी काम केलं होतं. मी केलं नव्हतं."

इतरांच्या चुका ज्या निर्दय तपशिलाने ते दाखवत, त्याच तपशिलाने त्यांनी ही दाखवली. तसूभर सूट घेतली नाही. एक गोष्ट मात्र ते बोलले नाहीत, आणि ती मला नंतर सुपरवायझरकडून कळली. त्या शुक्रवारी सगळं भरून होत आलं होतं आणि तेवढ्यात प्लांट हेडचा फोन आला होता, की माझा प्रिंटर चालत नाही, असाल तसे या. साहेब असतील तसे गेले होते. प्लांट हेडना हे पक्कं ठाऊक होतं. त्यांनीही ते काढलं नाही. पंप गळण्याचं कारणही पुढे भलतंच निघालं, खोक्यात भरताना सील दुमडत होतं, पण त्याची चर्चा करायला मग कोणाला फारसा वेळ नव्हता.

साहेबांना मेमो मिळाला, बढती अडली, आणि वर्षाच्या आत ते कंपनी सोडून गेले. मीही नंतर रावेतला राहायला गेले, नोकरी बदलली. त्यांच्याविषयी कोणी विचारलं की लोक अजून त्या प्रात्यक्षिकाची गोष्ट सांगतात, आणि ती खरोखर सांगण्यासारखीच आहे. मला मात्र त्यानंतर दोन दिवसांनी झालेली सकाळची मीटिंग आठवते.

शेडच्या दाराशी जमिनीवर आखलेल्या पिवळ्या पट्ट्यांमध्ये सगळी शिफ्ट उभी होती. शारदाताई पहिल्यांदाच परत युनिफॉर्ममध्ये, शेवटच्या रांगेत. पाठीमागे कंप्रेसर नेहमीसारखा घणघणत होता. प्लांट हेडनी हातातल्या मोबाइलकडे बघत भरभर सांगून टाकलं की मागच्या ऑडिटच्या मुद्द्याची चौकशी पूर्ण झाली, संबंधित ऑपरेटरकडून काही चूक नव्हती, आयटीकडून नजरचुकीने झालं, विषय संपला, आता आजचं टार्गेट. पुढच्या दोन रांगांपलीकडे कोणाला एक शब्द कळला नसेल.

"सायेब," शारदाताई मागून म्हणाल्या, "परत सांगा. हितं ऐकू आलं न्हाई."

प्लांट हेड म्हणाले, ताई, झालं ते, सगळ्यांना समजलंय.

"मला गेटवरनं काढलं तवा समद्यायला ऐकू गेलं व्हतं."

प्लांट हेड मोबाइल खिशात ठेवू की नको करत राहिले. मेन्टेनन्सची पोरं एकमेकांकडे बघत होती, कारण शिफ्ट सुरू होताना कंप्रेसर बंद करायचा हुकूम द्यायला कोणी तयार नव्हतं. तेव्हा साहेब आपल्या रांगेतून बाहेर पडले. घाई न करता शेडच्या टोकापर्यंत चालत गेले आणि त्यांनी लाल बटण दाबलं. पाइपांतली हवा सुसाटत निघून गेली, आणि मग इतकं शांत झालं की गेटवर मागे येणाऱ्या ट्रकची शिट्टी ऐकू यायला लागली.

ते परत आले, आपल्या जागेवर उभे राहिले, हात पाठीमागे बांधले.

"आता सांगावं," ते म्हणाले.

प्लांट हेडनी आधी शारदाताईंचं पूर्ण नाव घेतलं, आणि मग साहेबांचं.